बस अपघातातले प्रवासी आणि एक्स्टर्नल कॉज कोड : सगळ्यांना सरसकट व्ही७९.९ लावायचा का?

नीलपाखरू

नमस्कार मंडळी,

मी मेडिकल कोडर आहे, म्हणजे रुग्णांच्या चार्टवरून निदानाचे आणि कारणांचे कोड लावते. आतापर्यंत मी ओपीडीचेच चार्ट करत होते. आता इमर्जन्सीची क्यू हातात आली आहे आणि सुरुवातीलाच एका बस अपघाताचे चार्ट एकापाठोपाठ एक समोर आले. बस पुढच्या ट्रकवर मागून आदळली, एवढं सगळ्यांत सारखं. पुढे प्रत्येकाचं वेगळं.

एक बाई सीटवर बसलेल्या होत्या. डावा गुडघा पुढच्या सीटच्या दांड्यावर आपटला आणि गुडघ्याची वाटी फुटली. एक कॉलेजचा मुलगा दारात पायरीवर होता, तो बाहेर फेकला गेला. मनगट मोडलंय आणि डोक्याला खोक पडली आहे. एक आजोबा आहेत, त्यांना कुठेही लागलेलं नाही, काही दुखतही नाही, पण मुलीने आग्रहाने तपासायला आणलं. आणि एका चार्टवर डॉक्टरांनी फक्त ‘बस अपघात, मान दुखते’ एवढंच लिहून ठेवलंय.

टीममधे पद्धत अशी की जखमेचा कोड नीट लावायचा आणि शेवटी अपघाताचं बाह्य कारण (एक्स्टर्नल कॉज) म्हणून सगळ्यांना व्ही७९.९एक्सएक्सए (एक्स नुसते रिकामी जागा भरायला, शेवटचा ए म्हणजे सक्रिय उपचार सुरू). ‘क्लेम अडत नाही, मग कशाला वेळ घालवायचा?’ असं सांगतात. मला ते पटत नाहीये. चार्टमधे स्पष्ट लिहिलेली गोष्ट कोडमधे का उतरू नये? आयसीडी-१०-सीएम या अमेरिकी कोडसंचाच्या विसाव्या, म्हणजे बाह्य कारणांच्या चॅप्टरमधे काम केलेल्यांनी कृपया सविस्तर सांगा. जखमेचे एस कोड मला येतात, अडचण व्ही कोडची आहे.

करवंद

नीलपाखरू, तुमचं म्हणणं रास्त आहे. व्ही७९.९ हा कोड चुकीचा नाही, पण तो माहिती खरोखरच नसेल तेव्हासाठी आहे. ‘बसमधल्या कोणालातरी, कुठल्यातरी वाहतूक अपघातात लागलं’ एवढाच त्याचा अर्थ. तुमच्या पहिल्या तीन चार्टमधे याहून कितीतरी जास्त लिहिलेलं आहे.

बसमधल्या माणसांसाठी व्ही७० ते व्ही७९ असा पट्टा आहे. पहिली तीन कॅरेक्टर सांगतात की बस कशाशी धडकली. पादचारी किंवा जनावर असेल तर व्ही७०, सायकल असेल तर व्ही७१, दुचाकी-तीनचाकी मोटारवाहन व्ही७२, कार, पिकअप किंवा व्हॅन व्ही७३, अवजड वाहन किंवा दुसरी बस व्ही७४, रेल्वे व्ही७५. व्ही७६ मधे मोटार नसलेली इतर वाहनं येतात, म्हणजे जनावरांनी ओढायची गाडी, स्वार बसलेलं जनावर, आणि ट्रामसुद्धा. ट्राम रुळांवर चालते म्हणून बरेच जण व्ही७५ लावतात, पण ती व्ही७६ मधेच जाते. झाड, खांब, कठडा, भिंत अशा जागच्या वस्तूला धडक बसली तर व्ही७७. टक्कर न होता बस उलटली तर व्ही७८. उरलंसुरलं व्ही७९.

चौथं कॅरेक्टर सांगतं की जखमी माणूस बसमधे कोण होता आणि अपघात सार्वजनिक रस्त्यावर झाला की बाहेर. रस्त्यावर झाला असेल तर चालक .५, प्रवासी .६, बसच्या बाहेरच्या भागावर असलेला माणूस .७, आणि कोण होता ते कळत नसेल तर .९. डेपोच्या आवारात किंवा खाजगी जागेत झाला तर हेच .०, .१, .२ आणि .३. चढताना किंवा उतरताना लागलं तर .४, तिथे रस्ता की आवार हा भेद नाही. अपघाताची जागा लिहिलेलीच नसेल तर तो सार्वजनिक रस्त्यावर झाला असं धरायचं, हे चॅप्टरच्या सुरुवातीच्या व्याख्यांमधेच दिलेलं आहे. त्यासाठी डॉक्टरांना क्वेरी (खुलासा मागणारी लेखी विचारणा) टाकत बसू नका.

व्ही७९ मधे मात्र हा क्रम बदलतो. तिथे रस्त्यावरच्या अपघातातल्या प्रवाशाला .५ आहे आणि चालकाला .४. व्ही७४ च्या सवयीने व्ही७९ ला .६ लावला तर तो ‘कोण ते माहीत नाही’ असा होतो. शिवाय तिथे पाचवं कॅरेक्टरही लागतं, म्हणून कोड व्ही७९.५९एक्सए असा दिसतो, मधे एकच एक्स.

तुमच्या बाईंचं सोपं आहे. प्रवासी, रस्ता, अवजड वाहन : व्ही७४.६एक्सएक्सए. फक्त ‘ट्रक’ म्हणजे कोणता ट्रक ते आधी बघा. त्यावर खाली लिहितो, आत्ता शिफ्ट सुरू होतेय.

आंबेमोहर

आजोबांबद्दल मी सांगते. झेड०४.१, वाहतूक अपघातानंतरची तपासणी आणि निरीक्षण. हा फर्स्ट लिस्टेड, म्हणजे पहिला मुख्य कोड म्हणून लावता येतो. अट एकच, तपासणीत जखम सापडलेली नसावी आणि अपघाताशी संबंधित तक्रारही नसावी. आजोबा ‘बरगडीत जरा ठणकतंय’ म्हणाले आणि डॉक्टरांनी ते लिहिलं की झेड०४.१ गेला, मग त्या दुखण्याचा किंवा मुक्या माराचा कोड.

नीलपाखरू

धन्यवाद ताई. नाही, स्पष्ट लिहिलंय, कुठलीही तक्रार नाही. मग त्यांचं झालं.

रातकिडा

मान दुखणाऱ्या चार्टवर एस१३.४ लावू नका म्हणजे झालं. ‘बस अपघात’ आणि ‘मान दुखते’ हे दोन शब्द शेजारी दिसले की लगेच मानेच्या लिगामेंटचा स्प्रेन लावणारे कोडर मी ऑडिटमधे बरेच पाहिले आहेत. डॉक्टरांनी स्प्रेन किंवा व्हिपलॅश लिहिलेलं नसेल तर एम५४.२, म्हणजे नुसती मानदुखी. निदान करणं आपलं काम नव्हे. आणि त्या चार्टला व्ही७९.९एक्सएक्सए बिनधास्त लावा, तो कोड अशाच चार्टसाठी आहे. एम कोड असला तरी व्ही कोड लावता येतो. बाह्य कारणामुळे झालेल्या कुठल्याही त्रासाला तो जोडता येतो, फक्त एस आणि टी कोडलाच असं काही नाही.

करवंद

हं, तर ट्रक.

टॅब्युलर लिस्ट (क्रमवार कोडयादी) उघडून व्ही५० ते व्ही५९, म्हणजे पिकअप-व्हॅनमधल्या माणसांच्या गटाच्या वरची नोंद वाचा. तिथे चार किंवा सहा चाकी, अवजड वाहनाच्या वजनमर्यादेखालच्या गाड्या आहेत, आणि त्या यादीत मिनीबस, मिनीव्हॅन, एसयूव्ही, व्हॅन यांच्याबरोबर ‘ट्रक’ हा शब्द सरळ लिहिलेला आहे. व्ही६० ते व्ही६९ या अवजड वाहनांच्या गटामधे अठरा चाकी, पॅनल ट्रक, चिलखती गाडी असे शब्द आहेत. म्हणजे चार्टवर नुसतं ‘ट्रक’ असेल तर बस कशावर आदळली हे पक्कं ठरत नाही. समोरची गाडी पिकअपच्या वर्गातली असेल तर व्ही७३, अवजड असेल तर व्ही७४.

ट्रायाज नर्सची (आल्या आल्या रुग्णाची तातडी ठरवणाऱ्या नर्सची) नोंद वाचा, अॅम्ब्युलन्सचा कागद स्कॅन करून लावलेला असतो तो वाचा. अपघाताचं वर्णन बहुतेक वेळा तिथे सगळ्यांत चांगलं असतं, कारण ते लोक प्रत्यक्ष रस्त्यावर गेलेले असतात. ‘कंटेनर’, ‘ट्रेलर’, ‘अठरा चाकी’ असा शब्द मिळाला की प्रश्न सुटला. डॉक्टर सोडून इतरांच्या नोंदीवरून एक्स्टर्नल कॉज कोड घ्यायला तुमच्या संस्थेचं लेखी धोरण काय म्हणतं ते मात्र बघून घ्या. तिथे मनाई असेल तर त्याच नोंदीचा हवाला देऊन डॉक्टरांना क्वेरी टाका.

बस म्हणजे काय हेही बघायला हवं. सीएमच्या व्याख्येप्रमाणे दहापेक्षा जास्त प्रवासी नेण्यासाठी बनवलेली आणि चालवायला वेगळं लायसन्स लागणारी गाडी म्हणजे बस. मिनीबस त्यात नाही. व्ही७० ते व्ही७९ च्या वरच मिनीबससाठी एक्सक्लूड्स वन नोट (‘हे इथे लावू नका’ अशी सूचना) आहे आणि ती तुम्हाला व्ही५० ते व्ही५९ कडे पाठवते.

डोंगरवाट

भर घालतो. जे मूळ जागतिक आरोग्य संघटनेच्या आयसीडी-१० वर काम करतात, मृत्यूच्या कारणांचं कोडिंग वगैरे, त्यांच्याकडे मिनीबस व्ही४० ते व्ही४९ मधे म्हणजे कारमधे जाते. सीएममधे ती पिकअप-व्हॅनच्या गटात जाते. दोन्हीकडे काम करणाऱ्यांनी हे लक्षात ठेवा. मूळ वर्गीकरणात सातवं कॅरेक्टरही नाही, व्ही७४.६ वर कोड संपतो. दोन्हींचे कोड एकाच तक्त्यात मिसळून मिनीबसच्या अपघातांची तुलना करणारे अहवाल मी पाहिले आहेत. तसल्या आकड्यांतून काहीही निष्पन्न होत नाही.

आंबेमोहर

आता दारातल्या मुलाचं बघू. माझ्या मते .६. तो तिकीट काढून बसमधे होता, प्रवासीच आहे.

रातकिडा

नाही पटत. ‘वाहनाच्या बाहेरच्या भागावरचा माणूस’ या व्याख्येत छत, बंपर, मडगार्ड, फूटबोर्ड आणि पायरी हे सगळं नावानिशी आहे, आणि बाहेर लटकणाराही आहे. मुलगा पायरीवर होता. म्हणून .७. तिकीट काढलं की नाही याचा इथे संबंधच येत नाही.

आंबेमोहर

पण पायरी दोन प्रकारची असते ना. जुन्या धाटणीच्या गाड्यांना दाराबाहेर पायरी असायची, तिच्यावर उभं राहिलं की माणूस बाहेरच. आजच्या बसची पायरी दाराच्या आत असते. दार बंद करून आतल्या पायरीवर उभा असलेला माणूस बसच्या बाहेरच्या भागावर कसा काय? त्याच व्याख्येत असंही आहे की तो माणूस प्रवाशांसाठी राखलेल्या जागेत नसावा. गर्दीच्या बसमधे दारालगतची जागा प्रवाशांचीच असते.

करवंद

दोघांचंही बरोबर आहे, आणि म्हणूनच हे चार्टवरून ठरणार नाही. तिसरी शक्यताही आहे : तो उतरायच्या बेतात असेल तर .४. नुसतं ‘पायरीवर होता’ यावरून तीन वेगळे कोड निघतात. दार उघडं होतं का, मुलगा दाराच्या आत होता की दांडा धरून बाहेर, आणि तो उतरत होता का, हे विचारायलाच हवं. अशी क्वेरी टाकायला संकोच करू नका. आणि क्वेरीत उत्तर सुचवू नका. ‘मुलगा बाहेर लटकत होता का?’ असं न विचारता ‘धडकेच्या वेळी रुग्ण बसच्या नेमक्या कोणत्या भागात होता आणि काय करत होता ते कृपया नोंदवा’ असं विचारा.

.६ आणि .७ मधला फरक कोणाला किरकोळ वाटत असेल तर त्यांनी एवढंच बघावं : आत बसलेल्या माणसाच्या जखमा कमी करायच्या तर सीट, दांडे, पट्टे सुधारावे लागतात. दारातून पडणाऱ्या माणसासाठी दार बंद झाल्याशिवाय बस न हलण्याची व्यवस्था लागते, गर्दी कमी करावी लागते. सगळे व्ही७९.९ मधे ढकलले तर यातलं काय करायचं ते आकडे वाचणाऱ्याला कधीच कळणार नाही. मला या कामाचं खरं मोल इथेच वाटतं. क्लेम पास होणं महत्त्वाचं आहेच, पण चार्टवरच्या त्या मुलाबाबत काय घडलं याची एकमेव मोजता येणारी नोंद आपण करत असतो.

शुश्रुत_वाचक

मी कोडर नाही, इमर्जन्सीमधे डॉक्टर आहे. एका कोडर मित्राने ही लिंक दिली. तुमच्या क्वेरी येतात तेव्हा आम्ही खरंच वैतागतो, पण हा धागा वाचून कळलं की तुम्हाला नेमकं काय हवं असतं. कोणी एक नमुना वाक्य देईल का? बस अपघातात एकदम इतके लोक येतात की कादंबरी लिहायला वेळ नसतो. दोन ओळींत बसेल असं सांगा.

वैद्यकीय बाजूने एक सांगतो. बसलेल्या प्रवाशाचा गुडघा पुढच्या सीटवर आपटला की तो जोर मांडीच्या हाडातून थेट खुब्यापर्यंत जातो. वाटी फुटलेली दिसते आणि सगळ्यांचं लक्ष तिथेच जातं, पण खुब्याचा सांधा मागे निखळलेला असू शकतो, गुडघ्यातला मागचा क्रूशिएट लिगामेंट तुटलेला असू शकतो. उभ्या प्रवाशांचं वेगळं. ते पुढे फेकले जातात, हात टेकून पडतात, म्हणून मनगट, खांदा, डोकं. आणि टक्कर झालीच नाही, नुसता जोरात ब्रेक लागला, तरी वयस्कर माणसं पडतात आणि खुबा मोडून आमच्याकडे येतात. हे अपघात म्हणून कुठे नोंदवलेही जात नाहीत याचं मला फार वाईट वाटतं, कारण खुबा मोडलेल्या सत्तरीच्या माणसाचं पुढचं आयुष्यच बदलून जातं.

करवंद

डॉक्टरसाहेब, तुम्ही इथे लिहिलंत याचा खूप आनंद झाला. नमुना वाक्य देतो :

‘चालत्या बसमधे सीटवर बसलेली प्रवासी. बस सार्वजनिक रस्त्यावर अवजड ट्रकवर मागून आदळली. डावा गुडघा पुढच्या सीटवर आपटला.’

बस्स. माणूस बसमधे कुठे होता, बस कशाला धडकली की धडकलीच नाही, जागा कोणती, आणि शरीराचा कोणता भाग कशावर आपटला. वाटीच्या फ्रॅक्चरला बाजू, हाड सरकलंय का, जखम उघडी आहे का आणि फ्रॅक्चर आडवं की तुकडे झालेलं, एवढं लिहिलंत तर एस८२.०३२ए सारखा पूर्ण कोड मिळतो : डाव्या वाटीचं, सरकलेलं, आडवं, बंद फ्रॅक्चर. उघडं की बंद ते लिहिलं नाही तर आम्हाला बंद धरावं लागतं. सरकलंय की नाही ते लिहिलं नाही तर सरकलेलं धरावं लागतं. हे नियम पक्के आहेत, त्यामुळे तुमच्या न लिहिण्याचाही एक कोड होतोच. उघडं असेल तर गस्टिलो प्रकार (उघड्या फ्रॅक्चरची तीव्रता) लिहा. पायाच्या हाडाला पहिला-दुसरा प्रकार असेल तर सातवं कॅरेक्टर बी होतं, तिसरा असेल तर सी.

नीलपाखरू

ब्रेक लागून पडलेल्यांचा मुद्दा निघालाच आहे तर विचारते. आमच्याकडे त्यांना डब्ल्यू१८ लावतात आणि जागेला वाय९२.८११ म्हणजे बस. पडणं म्हणजे डब्ल्यू, असं सरळ गणित आहे.

रातकिडा

डब्ल्यू०० ते डब्ल्यू१९ च्या वरची एक्सक्लूड्स वन नोट बघा. वाहतुकीच्या वाहनात किंवा वाहनातून पडणं तिथून वगळलेलं आहे आणि व्ही०१ ते व्ही९९ कडे पाठवलेलं आहे. बस रस्त्यावर चालू असताना ब्रेकने प्रवासी आतल्या आत पडला, टक्कर नाही : व्ही७८.६एक्सएक्सए. उतरताना बस हलली आणि पडला : व्ही७८.४एक्सएक्सए. व्ही७८ खालची उलटण्याची नोंद बघून लोक तो फक्त उलटलेल्या बससाठी आहे असं समजतात. उलटणं त्यात येतंच, पण मुळात तो ‘टक्कर नसलेला अपघात’ आहे.

डोंगरवाट

त्याला जोडून एक. टायर फुटला, ताबा सुटला, वळण चुकलं, हे सगळं अपघाताचं कारण, प्रकार नव्हे. त्यानंतर काय झालं त्यावर कोड ठरतो. ताबा सुटून बस झाडावर गेली तर ती टक्कर, व्ही७७. ताबा सुटून कशालाही न धडकता दरीत उलटली तर व्ही७८. बातम्यांमधे ‘टायर फुटून अपघात’ असं छापून येतं आणि चार्टवरही तसंच उतरतं, त्यावरून कोड निघत नाही.

आंबेमोहर

वाय९२ बद्दल माझं मत : टक्कर असेल तर रस्त्याचा कोड द्या, वाय९२.४१ मधला, रस्त्याच्या प्रकाराप्रमाणे. आतल्या आत पडला असेल तर वाय९२.८११ जास्त बोलका आहे. बसस्थानकाच्या फलाटावर झालं असेल तर वाय९२.५२१. जागा लिहिलेलीच नसेल तर वाय९२.९ लावू नका, गाईडलाइनमधे स्पष्ट मनाई आहे, मोकळं सोडा. आणि वाय९२ (जागा), वाय९३ (माणूस काय करत होता) आणि वाय९९ (कामावर होता का) हे तिन्ही फक्त पहिल्या भेटीला. फॉलोअपच्या चार्टवर ते पुन्हा दिसले की समजायचं, मागचा चार्ट कॉपी केलाय.

पाऊलखूण

कंडक्टरला काय लावायचं? आमच्या चार्टमधे चालक आणि कंडक्टर दोघंही जखमी आहेत. कंडक्टरला प्रवासी म्हणणं विचित्र वाटतं.

रातकिडा

वाटलं तरी तेच बरोबर. व्याख्येप्रमाणे चालक सोडून वाहनातला प्रत्येक जण प्रवासी, बाहेरच्या भागावर असलेला सोडून. कंडक्टरला .६, आणि तो ड्यूटीवर होता हे वाय९९.० मधून कळतं. चालकाला .५ आणि वाय९९.०.

पाऊलखूण

आभारी आहे. आणखी एक : बसमधून उतरली, बसच्या पुढून रस्ता ओलांडायला लागली आणि त्याच बसने उडवलं. ही .४ का?

रातकिडा

नाही. उतरणं पूर्ण झालं, ती आता पादचारी आहे. चालत होती म्हणून व्ही०४.१०एक्सए. आणि चार्टवर नुसतं ‘बसने चिरडलं’, ‘बसखाली आली’, ‘बसने फरफटत नेलं’ एवढंच असेल आणि ती बसमधे होती असं कुठेच नसेल तरी पादचारीच धरायचं. तिथे व्ही७९ लावला की पादचाऱ्याचा अपघात प्रवाशाच्या खात्यावर जातो.

आंबेमोहर

गरोदर प्रवासी असेल तर विसरू नका : ओ९ए.२१ (गरोदरपणातली जखम) आधी, तिमाहीप्रमाणे शेवटचं कॅरेक्टर, मग एस कोड, मग व्ही. गरोदरपणाचा या जखमेशी संबंध नाही असं डॉक्टरांनी स्वतः लिहिलं असेल तरच झेड३३.१, म्हणजे नुसती गरोदर असल्याची नोंद. आपल्या मनाने ठरवायचं नाही.

मोगरा_२

मी ऑर्थो आणि फिजिओचे चार्ट करते. वाटी फुटलेल्या बाई आता दुसऱ्या हॉस्पिटलमधे ऑपरेशनला गेल्या तर तिथे सातवं कॅरेक्टर ए की डी? आमच्याकडे ‘दुसरी भेट म्हणजे डी’ असं ठरलेलं आहे.

करवंद

ए. कितवी भेट, कोणता डॉक्टर, कोणतं हॉस्पिटल यावर ते ठरत नाही. सक्रिय उपचार सुरू आहेत का यावर ठरतं. ऑपरेशन हा सक्रिय उपचार, म्हणून एस८२.०३२ए आणि व्ही७४.६एक्सएक्सए. प्लास्टर बदलणं, वायर काढणं, फिजिओ, बरं होतंय का ते बघणं, इथे डी. हाड उशिरा जुळत असेल तर जी, जुळलंच नाही तर के, वाकडं जुळलं तर पी. व्ही कोडला मात्र ए, डी आणि एस (जुन्या जखमेचा मागे उरलेला परिणाम) एवढेच. जखमेच्या कोडला जी किंवा के असला तरी व्ही कोडला डी लागेल. आणि या सगळ्यात झेडच्या आफ्टरकेअर (उपचारानंतरच्या देखभालीच्या) कोडना जागा नाही, जखमेच्या फॉलोअपला सातवं कॅरेक्टर पुरेसं आहे.

मोगरा_२

आणि वर्षभराने गुडघा आखडला म्हणून आल्या तर?

करवंद

तेव्हा आधी आजचा त्रास : डाव्या गुडघ्याचा आखडलेपणा, एम२५.६६२. मग मूळ जखम, शेवटी एस घेऊन : एस८२.०३२एस. मग व्ही७४.६एक्सएक्सएस. एस फक्त जखमेच्या आणि कारणाच्या कोडला लागतो, एम कोडला नाही. हा तिसरा कोड फार लोक गाळतात. गाळला की तो गुडघा बसमधे आखडला की जिन्यावरून पडून, हे चार्टवरून कोणालाही कळत नाही.

शुश्रुत_वाचक

नमुना वाक्य कॉपी करून आमच्या ट्रायाजच्या टेम्प्लेटमधे टाकलं आहे. ‘बस : बसलेला / उभा / दारात / चढताना-उतरताना / चालक’ आणि ‘धडक कशाला / धडक नाही’ असे दोनच रकाने वाढवले. नर्सना ते सोपं जातंय. बाकी डॉक्टरांशी बोलतो.

रातकिडा

फार उत्तम. ‘दारात’ या पर्यायाचे दोन करा : दाराच्या आत आणि दाराबाहेर.

नीलपाखरू

सर्वांचे मनापासून आभार. क्वेरीची उत्तरं आली.

ट्रक अठरा चाकी होता, अॅम्ब्युलन्सच्या कागदावर लिहिलेलं आहे आणि डॉक्टरांनी अॅडेंडममधे (पुरवणी नोंदीत) तेच नोंदवलं. मुलगा उतरत नव्हता. बस भरलेली होती, दार उघडं होतं, एक पाय पायरीवर आणि एक हात बाहेरच्या दांड्याला. व्ही७४.७एक्सएक्सए लावला. मनगटाचं फ्रॅक्चर पहिलं ठेवलं, त्यामागे डोक्याची खोक, शेवटी व्ही कोड. कोपरावरचं खरचटणं वेगळं कोड केलं, कारण ते फ्रॅक्चरच्या जागेवर नाही. मनगटावरचं मात्र सोडून दिलं. बाईंना व्ही७४.६एक्सएक्सए, आजोबांना झेड०४.१, मानेच्या चार्टला एम५४.२ आणि व्ही७९.९एक्सएक्सए.

टीम लीडना हा धागा दाखवला. पुढच्या बॅचपासून बस अपघाताच्या चार्टवर व्ही७९.९ लावायचा असेल तर ‘तपशील चार्टमधे नाही’ अशी नोंद कोडरने करायची, असं ठरलं आहे.

एक राहिलं : मुलाला क्षणभर शुद्ध नव्हती असं नर्सने लिहिलंय, डॉक्टरांनी काही नाही. एस०६.० (कन्कशन, म्हणजे डोक्याला मार लागून मेंदूला बसलेला हादरा) लावू का?

रातकिडा

नको. कन्कशन हे निदान आहे, ते डॉक्टरांकडूनच यायला हवं. नर्सच्या नोंदीचा हवाला देऊन क्वेरी टाका, आणि आजच टाका. मुलगा घरी गेला असेल तर डोक्याच्या दुखापतीकडे पुन्हा लक्ष द्यायला डॉक्टरांनाही त्याची गरज पडेल.

शुश्रुत_वाचक

नक्की टाका. अशा क्वेरीला कोणताही डॉक्टर नाही म्हणणार नाही.